वीजबिल थकले तर : जोडणी वाचविण्याचे कायदेशीर मार्ग

माढा तालुक्यातील मोडनिंब हे गाव पुणे–सोलापूर महामार्गावर आणि कुर्डुवाडी–पंढरपूर लोहमार्गावर वसलेले आहे. हा सारा मुलूख अवर्षणप्रवण होय. पावसाचा भरवसा थोडा असल्यामुळे ऊस, डाळिंब, द्राक्षे यांसारखी बागायती पिके विहिरीच्या, बोअरच्या अथवा कालव्याच्या पाण्यावर उभी असतात. आणि ते पाणी वर काढणारी मोटर विजेवर चालते. यास्तव वीज तुटणे म्हणजे या भागात केवळ घरात अंधार होणे नव्हे. बहर धरलेल्या डाळिंबाची एक पाण्याची पाळी चुकली तर वर्षाची मेहनत वाया जाऊ शकते. घरची वीज तुटली तर मुलांचा अभ्यास, पिठाची गिरणी, शिलाईयंत्र यांवर चालणारा संसार अडतो.

असे असूनही वीजबिल थकल्यावर काय करावे, याची माहिती फार थोड्या कुटुंबांना असते. बिल भरता येत नाही म्हणून मनुष्य कार्यालयाकडे जाण्याचे टाळतो; नोटीस आली तरी ती देवळीत ठेवून देतो; आणि वायरमन तारा सोडविण्यास आला म्हणजे धावाधाव करतो. वास्तविक कायद्याने त्याला आधीच पुष्कळसे संरक्षण दिलेले आहे. परंतु ते संरक्षण बोलण्याने मिळत नाही. लेखी अर्जाने आणि अर्जाच्या पोचपावतीने मिळते. ही एकच गोष्ट या लेखात सविस्तर सांगावयाची आहे.

थकबाकी कशी साचते

शेतकऱ्याच्या हाती पैसा येतो तो पिकाच्या हिशेबाने, आणि बिल येते ते महिन्याच्या अथवा तिमाहीच्या हिशेबाने. उसाचे बिल कारखान्याकडून येईपर्यंत किंवा डाळिंबाची पट्टी हाती पडेपर्यंत मधल्या काळातील दोनतीन बिले राहून जातात. मुदतीत बिल न भरल्यास महावितरण कंपनी त्यावर सव्वा टक्का विलंब आकार लावते. म्हणजे १,२०० रुपयांच्या बिलावर १५ रुपये. ही रक्कम लहान वाटते. पण पुढे थकलेल्या रकमेवर व्याजही चढू लागते आणि एक वर्षानंतर मूळ बिल किती व व्याज किती हे घरातील कोणासच सांगता येत नाही.

बाकी साचण्याचे दुसरे कारण म्हणजे बिल न वाचणे. बिलावर मागील व चालू वाचन, मंजूर भार, चालू महिन्याची रक्कम, थकबाकी आणि व्याज हे रकाने वेगवेगळे छापलेले असतात. मीटरवरील आकडा व बिलावरील आकडा यांत तफावत आहे काय, मोटर पाच अश्वशक्तीची असता बिलावर जास्त भार लागला आहे काय, वाचन न घेता सरासरीने बिल आले आहे काय, हे प्रत्येक वेळी पाहिले पाहिजे. पुष्कळ ठिकाणी जोडणी अद्याप मयत वडिलांच्या अथवा आजोबांच्या नावे असते. अशा वेळी वारसांनी जोडणी आपल्या नावावर करून घ्यावी, म्हणजे पुढे अर्ज करताना अडचण पडत नाही.

पंधरा दिवसांची लेखी नोटीस

पूर्वी १९१० च्या भारतीय वीज कायद्यात, बिल न भरणाऱ्या ग्राहकाची वीज तोडण्यापूर्वी सात दिवसांची नोटीस देण्याची तरतूद होती. २००३ च्या विद्युत कायद्याने ही मुदत वाढविली. त्याच्या कलम ५६ अन्वये वीज तोडण्यापूर्वी पूर्ण पंधरा दिवसांची लेखी नोटीस देणे वितरण कंपनीवर बंधनकारक आहे. हा नियम घरगुती जोडणीस जसा लागू आहे तसाच शेतीपंपासही लागू आहे.

येथे दोन तारखांमधील फरक ध्यानात घ्यावा. बिलावर छापलेली तारीख ही बिल भरण्याची मुदत होय. घरगुती व शेतीच्या ग्राहकांस बिलाच्या तारखेपासून किमान एकवीस दिवसांची मुदत मिळावी, असा राज्य वीज नियामक आयोगाचा नियम आहे. ही मुदत टळली म्हणून दुसऱ्या दिवशी वीज तोडता येत नाही. त्यानंतर नोटीस दिली पाहिजे आणि नोटिशीचे पूर्ण पंधरा दिवस गेले पाहिजेत.

यासाठी नोटीस मिळताच तिच्यावर मिळाल्याची तारीख लिहून ठेवावी. मोबाइलवर संदेश आला असल्यास तोही पुसून टाकू नये. नोटीस न देता वीज तोडली असल्यास तोडल्याची तारीख व वेळ टिपून ठेवून त्याच दिवशी लेखी तक्रार करावी.

तथापि हे संरक्षण प्रामाणिक ग्राहकासाठी आहे. तारेवर आकडा टाकून वीज घेतल्यास अथवा मीटरमध्ये फेरफार केल्यास ती वीजचोरी ठरते. अशा प्रकरणी कलम १३५ प्रमाणे वीज तत्काळ तोडता येते आणि फौजदारी गुन्हाही दाखल होतो. बिल थकणे हा गुन्हा नव्हे. आकडा टाकणे हा गुन्हा आहे. वीज तुटल्यावर रागाने अथवा नाइलाजाने आकडा टाकणारा मनुष्य आपल्या बाजूचा सारा कायदा स्वतःच्या हाताने घालवून बसतो.

बिल चुकीचे वाटल्यास

कित्येकदा बिल भरण्याची तयारी असते, पण आलेले बिल अवाच्या सवा असते. अशा वेळी पुष्कळ लोक बिल दुरुस्त होईपर्यंत काहीच भरत नाहीत. हा मार्ग धोक्याचा आहे, कारण काहीच न भरल्यास ग्राहक थकबाकीदार ठरतो. कलम ५६ मध्येच याहून चांगला मार्ग सांगितला आहे. बिल मान्य नाही असे लेखी कळवून ग्राहकाने पुढील दोहोंपैकी जी रक्कम कमी असेल ती ‘हरकत राखून’ भरावी : एक, मागणी केलेली संपूर्ण रक्कम, दुसरी, मागील सहा महिन्यांत भरलेल्या आकाराच्या सरासरीने येणारी दरमहाची रक्कम. अशी रक्कम भरल्यास वादाचा निकाल लागेपर्यंत वीज तोडता येत नाही.

एक उदाहरण घेऊ. समजा, एका घरी मागील सहा महिन्यांत ३९०, ४१०, ४३०, ३८०, ४५० व ४६० रुपये भरले गेले. यांची बेरीज २,५२० रुपये, म्हणजे दरमहा सरासरी ४२० रुपये. सातव्या महिन्यात एकाएकी ४,८६० रुपयांचे बिल आले. घरात नवे यंत्र नाही, वापरही वाढलेला नाही. अशा कुटुंबाने ४,८६० रुपयांसाठी कर्ज काढण्याचे कारण नाही आणि गप्प बसण्याचेही कारण नाही. मीटर तपासण्याचा अर्ज द्यावा, बिलाबद्दल हरकत लेखी नोंदवावी आणि त्या महिन्याचे ४२० रुपये हरकत राखून भरावेत. वाद चालू असेपर्यंत पुढील महिन्यांतही याच हिशेबाने रक्कम भरीत जावी. मीटर सदोष ठरल्यास, वाद ज्या महिन्यात उद्भवला त्याच्या आधीच्या जास्तीत जास्त तीन महिन्यांपुरती बिलाची दुरुस्ती होते.

येथे एक व्यावहारिक सूचना करावीशी वाटते. खिडकीवर कमी रक्कम घेण्यास नकार मिळाल्यास तेथे वाद घालीत बसू नये. अर्ज उपविभागाच्या आवक खात्यात देऊन शिक्क्यासह पोच घ्यावी. तेथेही अडचण आल्यास अर्ज नोंदणीकृत टपालाने पाठवावा. पुढे दाद मागताना हीच पोच कामी येते.

दोन वर्षांहून जुनी बाकी

कधी कधी फार जुन्या काळची रक्कम अकस्मात बिलात येते. कलम ५६ च्या दुसऱ्या पोटकलमाप्रमाणे, रक्कम प्रथम देय झाल्यापासून दोन वर्षे लोटल्यावर ती वसूल करता येत नाही व तिच्यासाठी वीज तोडता येत नाही. मात्र ती रक्कम थकबाकी म्हणून बिलात सतत दाखविली गेली असल्यास हा बचाव उरत नाही. म्हणून जुनी बिले जपून ठेवावीत. ती रक्कम मध्यंतरी दाखविली होती किंवा नाही, हे त्यांवरूनच सिद्ध होते.

कंपनीच्या चुकीमुळे पूर्वी कमी आकारणी झाली आणि ती चूक पुढे उघडकीस आली, तर काय? सर्वोच्च न्यायालयाने १८ फेब्रुवारी २०२० रोजी अजमेर येथील वीज वितरण कंपनीच्या प्रकरणात याचा खुलासा केला आहे. अशी फरकाची रक्कम कंपनी दोन वर्षांनंतरही मागू शकते. परंतु तिच्या वसुलीसाठी वीज तोडण्याचा मार्ग तिला अवलंबिता येत नाही. म्हणजे देणे राहील, पण दिवा जाणार नाही.

बिल बरोबर आहे, पण पैसे नाहीत

सर्वांत कठीण प्रसंग हाच होय. बिलात चूक नाही, वीज वापरलेली आहे आणि हातात पैसा नाही. अशा कुटुंबाने नोटिशीची मुदत संपण्यापूर्वी हप्ते पाडून मागण्याचा अर्ज करावा. हप्ते देण्याचा अधिकार कंपनीस आहे. ग्राहकाचा तो हक्क नव्हे, हे खरे. परंतु मुदतीच्या आत, काही रक्कम सोबत भरून आणि उरलेली रक्कम कोणत्या पिकाच्या अथवा मजुरीच्या पैशातून केव्हा देणार हे स्पष्ट लिहून केलेला अर्ज नाकारण्यास अधिकाऱ्यालाही कारण उरत नाही. हप्ते मिळाले तरी उरलेल्या रकमेवर व्याज चालू राहते, हे ध्यानात ठेवून हप्ते थोडेच मागावेत.

अर्जाचा मजकूर साधा असावा. पुढील नमुना उपयोगी पडेल :

‘प्रति, उपकार्यकारी अभियंता, महावितरण, उपविभाग कार्यालय. अर्जदार : (नाव, गाव, ग्राहक क्रमांक). विषय : थकीत वीजबिल हप्त्यांनी भरण्याची परवानगी मिळणेबाबत. महोदय, माझ्या वरील जोडणीचे अमुक रुपयांचे बिल थकले असून दिनांक अमुक रोजीची नोटीस मला मिळाली आहे. चालू वर्षी अमुक कारणाने उत्पन्न बुडाल्यामुळे एकरकमी भरणा करणे मला शक्य नाही. आज अमुक रुपये भरत असून उरलेली रक्कम अमुक तारखांना इतक्या हप्त्यांत भरण्यास मी तयार आहे. तरी हप्ते मंजूर करून तोपर्यंत वीजपुरवठा खंडित करू नये, ही विनंती. सोबत : नोटीस, शेवटचे बिल व आजच्या भरण्याची पावती यांच्या प्रती.’

अर्ज दोन प्रतींत करावा व आपल्या प्रतीवर तारखेचा शिक्का घ्यावा.

अगदी थोडी वीज वापरणाऱ्या घरांसाठी आयोगाच्या दरपत्रकात दारिद्र्यरेषेखालील ग्राहकांचा स्वतंत्र व स्वस्त दर आहे. मंजूर भार ०.२५ किलोवॅटपर्यंत आणि मागील आर्थिक वर्षातील एकूण वापर ३६० युनिटपर्यंत, अशी त्याची अट आहे. म्हणजे महिन्याला सरासरी ३० युनिट. दोनतीन दिवे व एक पंखा एवढाच वापर असलेल्या वृद्ध दांपत्याच्या अथवा एकट्या विधवा भगिनीच्या घराचे बिल याच दराने येते काय, हे अवश्य पाहावे. तसे नसल्यास वर्गवारी बदलण्याचा अर्ज द्यावा.

अनामत रकमेचे बिलही काही घरांस वेगळे येते. ते वापरलेल्या विजेचे बिल नसून ग्राहकाची कंपनीकडे राहणारी ठेव आहे व तिच्यावर कायद्याने व्याज मिळते. ही रक्कमही हप्त्यांनी भरण्याची सोय मागता येते.

ज्यांची वीज कायमची तोडली गेली आहे अशा बिगरशेती ग्राहकांसाठी कंपनी वेळोवेळी अभय योजना काढते. १ सप्टेंबर २०२४ रोजी सुरू झालेल्या योजनेत व्याज व विलंब आकार माफ होता आणि मूळ रकमेपैकी ३० टक्के आधी भरून उरलेली सहा हप्त्यांत देण्याची सवलत होती. अशा योजना मुदतीच्या असतात. म्हणून त्यांची सूचना ग्रामपंचायतीच्या फलकावर वेळीच लागली पाहिजे.

शेतीपंपाचे बिल

शेतीपंपांच्या बाबतीत २०२४ पासून मोठा फरक पडला आहे. मुख्यमंत्री बळीराजा मोफत वीज योजनेचा शासन निर्णय २५ जुलै २०२४ रोजी निघाला. त्यानुसार साडेसात अश्वशक्तीपर्यंतच्या शेतीपंपांना एप्रिल २०२४ ते मार्च २०२९ या पाच वर्षांसाठी मोफत वीज देण्यात येत असून राज्यातील सुमारे ४४ लाख शेतकऱ्यांना तिचा लाभ मिळतो. शेतकऱ्याचे बिल शून्य येते व त्याची रक्कम शासन कंपनीस देते.

या शून्य बिलाकडेही पाहिले पाहिजे. पहिली गोष्ट, बिलावर भार साडेसात अश्वशक्तीहून अधिक दाखविला असल्यास लाभ मिळत नाही. प्रत्यक्ष मोटर लहान असेल तर भाराची तपासणी व दुरुस्ती मागावी. दुसरी गोष्ट, ही योजना एप्रिल २०२४ पासूनच्या बिलांची आहे. त्यापूर्वीच्या बाकीचा रकाना बिलावर काय दाखवितो, हे पाहून त्याबद्दलचा खुलासा उपविभागाकडून लेखी घ्यावा. तिसरी गोष्ट, साडेसात अश्वशक्तीहून मोठ्या पंपांना बिल भरावेच लागते व त्यांना या लेखातील नोटिशीचे व हरकतीचे सर्व नियम लागू आहेत.

जुन्या बाकीसंबंधी २०२० च्या डिसेंबरात शासनाने कृषिपंप वीजजोडणी धोरण जाहीर केले होते. त्यात विलंब आकाराची माफी व व्याजाची फेरआकारणी करून, सुधारित बाकीपैकी निम्मी रक्कम पहिल्या वर्षात भरणाऱ्यास उरलेली निम्मी माफ होती. पुढील वर्षांत ही सवलत घटत जाऊन ३० व २० टक्क्यांवर आली. वसुलीपैकी ३३ टक्के रक्कम ग्रामपंचायत क्षेत्रातील व तितकीच जिल्ह्यातील विजेच्या कामांसाठी राखली होती. ज्यांनी पहिल्याच वर्षी अर्ज केला त्यांचा सर्वांत अधिक फायदा झाला. सवलतीच्या योजनेत थांबून राहणाऱ्यापेक्षा आधी जाणारा नफ्यात राहतो, असा याचा बोध आहे.

घोषणेवर विसंबून राहणे किती धोक्याचे आहे, हेही त्याच काळात दिसून आले. २ मार्च २०२१ रोजी विधिमंडळाच्या अधिवेशनात वीजतोडणीस स्थगिती जाहीर झाली आणि १० मार्च रोजी ती उठविण्यात आली. पुढील वर्षी १५ मार्च २०२२ रोजी, उभी पिके हाती येईपर्यंत तीन महिने शेतीपंपांची वीज तोडली जाणार नाही, असे ऊर्जामंत्र्यांनी विधानसभेत सांगितले. एक स्थगिती आठ दिवस टिकली, दुसरी तीन महिन्यांची होती. स्थगिती येते आणि जाते. कलम ५६ मात्र कायम असते. म्हणून स्थगितीच्या काळातच हप्त्यांचा अथवा दुरुस्तीचा अर्ज करून घ्यावा.

त्याच दोन वर्षांत रोहित्र, म्हणजे ज्याला आपण डी. पी. म्हणतो, तेच बंद केल्यामुळे बिल भरलेल्या शेतकऱ्यांचीही वीज गेल्याच्या तक्रारी राज्यात ठिकठिकाणी झाल्या. कायद्यातील नोटीस ही बिल न भरणाऱ्या व्यक्तीस द्यावयाची असते. शेजाऱ्याची बाकी हे माझी वीज तोडण्याचे कारण होत नाही. असा प्रसंग आल्यास बिल भरलेल्या शेतकऱ्यांनी आपापल्या पावत्या जोडून एकत्रित लेखी तक्रार करावी.

दुष्काळातील संरक्षण

फ्रान्स देशात १ नोव्हेंबरपासून ३१ मार्चपर्यंत, म्हणजे कडक हिवाळ्यात, बिल थकले तरी घराची वीज तोडण्यास कायद्याने मनाई आहे. तेथे थंडीने माणूस दगावू नये, हा हेतू. आपल्याकडे थंडीपेक्षा दुष्काळाचे संकट मोठे आणि त्या वेळी शासन जे संरक्षण देते त्याचे स्वरूप याच जातीचे आहे.

३१ ऑक्टोबर २०२३ रोजी राज्य शासनाने ४० तालुक्यांत दुष्काळ जाहीर केला. त्यांत सोलापूर जिल्ह्यातील बार्शी, करमाळा, माळशिरस व सांगोला यांसोबत माढा तालुकाही होता. अशा जाहीर दुष्काळात ज्या सवलती मिळतात त्यांपैकी दोन विजेसंबंधी आहेत : शेतीपंपाच्या चालू बिलात साडेतेहतीस टक्के सूट आणि टंचाई जाहीर झालेल्या गावांत शेतीपंपांची वीजजोडणी खंडित न करणे. तो आदेश त्या वर्षापुरता होता. आता लहान पंपांचे बिलच शून्य येत असल्याने ही सूट मुख्यतः मोठ्या पंपांच्या उपयोगाची राहील. परंतु पुन्हा टंचाईचे वर्ष आल्यास आपला तालुका अथवा महसूल मंडळ यादीत आहे किंवा नाही, हे तलाठ्याकडून ताबडतोब समजून घ्यावे आणि आदेशाची प्रत अर्जास जोडावी. आदेश निघूनही बिलात सूट दिसली नाही, तर ती लेखी मागावी.

गावाच्या पाण्याची मोटर

बिल केवळ घराचे व शेताचेच थकते असे नाही. नळपाणी योजनेच्या मोटरचे बिल ग्रामपंचायतीच्या नावे येते. पाणीपट्टी वसूल झाली नाही की ते बिल थकते, मग मोटर बंद पडते आणि ज्याने पाणीपट्टी वेळेवर दिली त्याच्याही घरी पाणी येत नाही. २०२१ मध्ये शासनाने पंधराव्या वित्त आयोगाच्या निधीतून पथदिव्यांची व पाणीपुरवठ्याची वीजबिले भरण्यास ग्रामपंचायतींना मुभा दिली होती. निधी येवो अथवा न येवो, पाणीपट्टीची वसुली हाच कायमचा उपाय होय. जे कुटुंब खरोखर गरीब आहे त्याला पाणीपट्टीचे हप्ते पाडून द्यावेत. पण ज्याची ऐपत आहे त्याने गरिबाच्या नावाआड लपू नये.

दाद कोठे मागावी

प्रथम उपविभागाच्या अभियंत्याकडे लेखी तक्रार करावी. कंपनीच्या १९१२ या अथवा १८००-२१२-३४३५ या निःशुल्क क्रमांकावर तक्रार नोंदवून तिचा क्रमांक लिहून ठेवावा. तेथे समाधान न झाल्यास कायद्याच्या कलम ४२ प्रमाणे स्थापन झालेल्या ग्राहक गाऱ्हाणे निवारण मंचाकडे जावे. सोलापूर जिल्हा महावितरणच्या बारामती परिमंडलात मोडतो. मंचाचा पत्ता व अर्जाचा नमुना उपविभाग कार्यालयातून मागून घ्यावा. कारण घडल्यापासून दोन वर्षांच्या आत मंचाकडे अर्ज गेला पाहिजे. वीज तुटण्याची भीती असल्यास अंतिम निकालाची वाट न पाहता अंतरिम आदेशाची विनंती अर्जातच करावी. मंचाचा निकाल मान्य नसल्यास साठ दिवसांच्या आत विद्युत लोकपालाकडे दाद मागता येते. या सर्व ठिकाणी वकील लावलाच पाहिजे असे नाही.

कोर्टकचेरीची वेळ आल्यास १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याखाली मोफत कायदेशीर मदत मिळते. स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्ती, अपंग व्यक्ती आणि दुष्काळ अथवा पूर यांनी पीडित झालेले लोक यांना ही मदत उत्पन्नाची अट न लावता मिळते. सोलापूर येथील जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करावा अथवा १५१०० या क्रमांकावर विचारावे. थकबाकीची तडजोड लोकअदालतीतही होऊ शकते व तेथे कोर्ट फी लागत नाही.

गावपातळीवरील कार्यकर्त्यांचे काम

ज्यांना गाव अजूनही ग्रामसेवक म्हणूनच ओळखते ते ग्रामपंचायत अधिकारी, तलाठी, कृषी सहायक, अंगणवाडी सेविका व बचत गटाच्या भगिनी यांच्या नजरेस अडचणीतील कुटुंब सर्वांत आधी येते. त्यांनी पुढील गोष्टी केल्यास पुष्कळ जोडण्या वाचतील :

१. नोटीस आलेल्या कुटुंबास त्याच आठवड्यात गाठून पंधराव्या दिवसाची तारीख त्यास सांगावी.

२. बिल सोबत बसून वाचावे. चूक असल्यास हरकतीचा, चूक नसल्यास हप्त्यांचा अर्ज लिहून द्यावा.

३. मागील एक-दोन वर्षांची बिले व पावत्या एका पिशवीत एकत्र ठेवण्याची सवय घरोघरी लावावी.

४. ग्राहक क्रमांकास चालू मोबाइल क्रमांक जोडला आहे काय, हे पाहावे.

५. ग्रामसभेत वर्षातून एकदा उपविभागाच्या अभियंत्यांना बोलावून बिलदुरुस्तीचे अर्ज जागेवरच द्यावेत.

६. दुष्काळ, पूर अथवा अभय योजनेचे आदेश निघताच त्यांचा सारांश फलकावर लावावा.

शेवटी शेतकरी बंधुभगिनींना एवढेच सांगावयाचे आहे. वापरलेल्या विजेचे पैसे देणे हे आपले कर्तव्य आहे व ते टाळण्याचा मार्ग या लेखात सांगितलेला नाही. परंतु वाईट वर्षात हात आखडला म्हणून चालती जोडणी घालविणे, यात कंपनीचाही फायदा नाही आणि शेतकऱ्याचाही नाही. तुटलेल्या तारेतून पिकास पाणी मिळत नाही आणि बिलही वसूल होत नाही. नोटिशीचे पंधरा दिवस हे भिण्याचे दिवस नसून काम करण्याचे दिवस आहेत. पहिल्या दिवशी बिल वाचावे, दुसऱ्या दिवशी अर्ज लिहावा, तिसऱ्या दिवशी तो देऊन पोच घ्यावी. एवढे जो करील त्याचे ऐकून घेण्यास कार्यालय बांधलेले आहे. आणि कार्यालयाने न ऐकल्यास ती पोच घेऊन मंचाचे दार त्याला उघडे आहे.